दास, स्नेही, सहजीवी : समुद्रफूल आणि त्याच्या अंगातील शैवल

आपल्या भाषेत दोन 'फुले' अशी आहेत की जी मुळात फुलेच नाहीत. पहिले दगडफूल. काळ्या किंवा गोड्या मसाल्यासाठी किराणा दुकानातून पुडीत बांधून आणले जाणारे, करड्या रंगाचे, कागदासारखे चुरगळणारे. दुसरे समुद्रफूल, म्हणजे इंग्रजीत ज्याला 'सी ॲनिमोन' म्हणतात तो समुद्रातील प्राणी. दगडफूल हे शैवाक होय. कवक आणि शैवल या दोन भिन्न जीवांनी मिळून बनलेली ती एक काया आहे. समुद्रफूल हा पूर्णपणे प्राणी आहे, परंतु त्याच्या अनेक जातींच्या पेशींमध्ये सूक्ष्म शैवले वस्तीला असतात. 'सहजीवन' या शास्त्रीय संकल्पनेचा इतिहास प्रामुख्याने दगडफुलाच्या कुळापासून सुरू झाला आणि तिची एक कठोर परीक्षा समुद्रफुलावर झाली.

पाठ्यपुस्तकात हा विषय बहुधा दोन-चार ओळींत संपतो. दोघे एकत्र राहतात, दोघांचाही फायदा होतो, असे उत्तर लिहिले की गुण मिळतात. इतिहासाच्या अभ्यासकाला मात्र एवढ्यावर थांबता येत नाही. 'एकत्र राहणे' हे शब्द आपण अनेक प्रकारच्या नात्यांसाठी वापरतो. मालक आणि वेठबिगार एकाच वाड्यात राहतात, मित्रही एकाच खोलीत राहतात. तेव्हा एकत्र राहण्यामागचे नाते कोणते, हे कसे ओळखावे? शास्त्रज्ञांनी हा प्रश्न एका मूक प्राण्याच्या बाबतीत दीडशे वर्षे कसा धसास लावला, ते पाहणे उद्बोधक आहे.

प्राणी, पण फुलासारखा

समुद्रफूल हे प्रवाळाचे आणि जेलीफिशचे नातलग आहे. त्याचे शरीर मऊ नळकांड्यासारखे असते. खालची तबकडी खडकाला घट्ट चिकटलेली असते, वरच्या टोकाला तोंड आणि तोंडाभोवती पाकळ्यांसारख्या स्पर्शकांचे कडे. त्याला मेंदू नाही, हाड नाही, रक्तही नाही. अन्न आत घेण्याचा आणि टाकाऊ भाग बाहेर टाकण्याचा मार्ग एकच. स्पर्शकांवर दंशपेशी असतात. लहान मासा किंवा कोळंबी यांचा स्पर्श होताच त्यांतून विषारी सूत्रे सुटतात आणि भक्ष्य बधिर होते. ओहोटीच्या वेळी कोकणच्या खडकाळ किनाऱ्यावरील पाणी साचलेल्या खळग्यांत डोकावले तर समुद्रफुले पाहावयास मिळतात. हात लागताच ती अंग आक्रसून घेतात.

त्याच्या शरीराची भिंत पेशींच्या दोन थरांनी बनलेली असते आणि त्या दोहोंमध्ये जेलीसारखा पदार्थ असतो. ज्या जातींत शैवले असतात, त्यांत ती आतल्या थरात राहतात. पोटाच्या पोकळीत नव्हे, तर प्रत्यक्ष प्राण्याच्या पेशीच्या आत. सोनेरी-तपकिरी रंगाची ही गोल शैवले डायनोफ्लॅजेलेट गटातील असून एकेकीचा व्यास मिलिमीटरच्या सुमारे शंभराव्या भागाएवढा असतो. तिच्याभोवती यजमान पेशीचे एक पातळ पटल असते. एकाच्या घरात दुसऱ्याची स्वतंत्र खोली असावी, तशी ही रचना आहे.

पिवळ्या पेशी कोणाच्या?

एकोणिसाव्या शतकात सूक्ष्मदर्शकाखाली समुद्री प्राणी तपासणाऱ्यांना या पिवळ्या पेशी वारंवार दिसत. त्या प्राण्याच्याच शरीराचा भाग आहेत, असा पुष्कळांचा समज होता. १८७१ मध्ये सिएन्कोव्स्की यांनी रेडिओलेरिया नावाच्या सूक्ष्म समुद्री जीवांचा अभ्यास करताना एक निर्णायक गोष्ट पाहिली. यजमान मेला तरी त्यातील पिवळ्या पेशी जिवंत राहत होत्या. शरीराचा भाग असता तर तो शरीराबरोबरच नष्ट झाला असता. त्याअर्थी ते स्वतंत्र जीव होते. १८८१ मध्ये कार्ल ब्रांट या जर्मन संशोधकाने त्यांना 'झूझँथेला' हे नाव दिले. प्राण्यातील पिवळा जीव, एवढाच त्याचा अर्थ. दिसले ते सांगणारे हे सरळ नाव आजही प्रचारात आहे.

त्याच सुमारास पॅट्रिक गेडीस हा तरुण स्कॉटिश जीवशास्त्रज्ञ या प्रश्नाकडे वळला. शैवलयुक्त समुद्रफुले सूर्यप्रकाशात ठेवली असता ती वनस्पतीप्रमाणे प्राणवायू बाहेर टाकतात, हे त्याने दाखवले आणि १८८२ मध्ये 'नेचर' या नियतकालिकात आपले निष्कर्ष मांडले. प्राण्याने सोडलेला कार्बन डायऑक्साइड आणि नत्रयुक्त टाकाऊ द्रव्ये शैवलाला उपयोगी पडतात, शैवलाने तयार केलेला प्राणवायू आणि अन्न प्राण्याला मिळते, असे त्याचे प्रतिपादन होते. त्याने या शैवलाचे नाव 'फिलोझून' असे ठेवले. आपल्या भाषेत सांगायचे तर 'प्राणिस्नेही'.

मुंबईच्या वाचकांना गेडीस हे नाव अन्य कारणाने परिचित असेल. १९१९ मध्ये मुंबई विद्यापीठात समाजशास्त्राचा विभाग सुरू झाला, त्याचे पहिले प्राध्यापक हेच गेडीस. मेक्सिकोच्या प्रवासात काही काळ दृष्टी गेल्यानंतर सूक्ष्मदर्शकाचे काम त्यांना कठीण होत गेले आणि पुढे त्यांनी शहरांचा व समाजाचा अभ्यास हाती घेतला. समुद्रफुलातील सहवासापासून माणसांच्या सहवासापर्यंत एकाच अभ्यासकाने केलेला हा प्रवास लक्षणीय आहे.

एका नात्याची तीन नावे

'स्नेही' हे नाव गेडीसने दिले, त्याच्या तेरा वर्षे आधी अशाच एका नात्याला अगदी उलट नाव मिळाले होते. दगडफुलाच्या कुळातील शैवाक म्हणजे कवक आणि शैवल यांचा संयोग आहे, हा सिद्धान्त स्विस वनस्पतिशास्त्रज्ञ सिमॉन श्वेंडेनर यांनी मांडला. तो समजावून देताना १८६९ मध्ये त्यांनी मालक आणि गुलाम यांचे रूपक वापरले. कवक हा मालक; त्याने हिरवी शैवले वेढून बंदिस्त केली, त्यांच्या श्रमावर तो जगतो, असे ते चित्र होते.

हा काळ ध्यानात घेण्याजोगा आहे. अमेरिकेत तेराव्या घटनादुरुस्तीने गुलामगिरी संपुष्टात आली १८६५ मध्ये. आपल्याकडे महात्मा जोतीराव फुले यांचे 'गुलामगिरी' प्रसिद्ध झाले १८७३ मध्ये, आणि गुलामगिरी नष्ट करणाऱ्या अमेरिकेतील सज्जनांना त्यांनी ते अर्पण केले. श्वेंडेनर आणि जोतीराव यांचा परस्परांशी काही संबंध नव्हता. परंतु 'गुलाम' हा शब्द त्या दशकात जगभर विचारी माणसांच्या मनात होता. एकाने तो दगडावरच्या शैवाकासाठी सहज रूपक म्हणून वापरला. दुसऱ्याने तो माणसाच्या दुःखाचे नेमके नाव म्हणून उच्चारला. शब्द एकच, पण त्याचे वजन सारखे नव्हते.

तिसरे नाव आले आंतोन द बारी यांच्याकडून. १८७८ मध्ये कासेल येथील व्याख्यानात आणि पुढच्या वर्षी प्रसिद्ध झालेल्या पुस्तिकेत त्यांनी 'सिम्बायोसिस' ही संज्ञा मांडली. अशाच धाटणीचा शब्द ए. बी. फ्रँक यांनी १८७७ मध्ये वापरला होता. द बारी यांची व्याख्या साधी होती : भिन्न प्रकारच्या जीवांनी एकत्र जगणे म्हणजे सहजीवन. लाभ कोणाचा, हानी कोणाची, याविषयी ती मौन पाळते. त्यांच्या व्याख्येत परजीवीसुद्धा बसतात. 'दोघांचाही फायदा' हा अर्थ सामान्य वापरात नंतर चिकटला. मुळात हा शब्द निकाल देणारा नव्हता. चौकशी उघडी ठेवणारा होता.

दास, स्नेही आणि सहजीवी. पहिल्या दोन नावांत नामकरण करणाऱ्याच्या भोवतालचा समाज बोलतो. तिसरे नाव म्हणते, आधी पाहा, मग ठरवा. पाहायचे म्हणजे काय? पुढील संशोधनाचा आढावा घेतला तर त्यात तीन प्रश्न स्पष्ट दिसतात.

पहिला प्रश्न : कोण काय देतो?

गेडीसच्या प्रतिपादनाने वाद मिटला नाही. १९२८-२९ च्या ग्रेट बॅरियर रीफ मोहिमेचे प्रमुख सी. एम. योंग यांनी प्रवाळांवर केलेल्या प्रयोगांवरून असे मत दिले की शैवलाकडून प्रवाळाला अन्न मिळत नाही; शैवले केवळ टाकाऊ द्रव्ये दूर करतात. त्यांचे मत दीर्घकाळ वजनदार ठरले.

त्याला छेद देणारा पुरावा १९५८ मध्ये एका समुद्रफुलाने दिला. लेनर्ड मस्कटीन आणि कॅडेट हँड यांनी कॅलिफोर्नियात 'अँथोप्ल्यूरा एलेगंटिसिमा' या जातीवर प्रयोग केला. त्यांनी समुद्राच्या पाण्यात किरणोत्सारी कार्बन मिसळून समुद्रफुले प्रकाशात ठेवली. किरणोत्सारी कार्बन वाटेत कोठेही गेला तरी आपली खूण सोडतो. ती खूण प्रथम शैवलांत आढळली आणि कालांतराने प्राण्याच्या ऊतींत. शैवलाने शिजवलेले अन्न यजमानाच्या ताटात पडते, हे प्रत्यक्ष सिद्ध झाले.

आज या देवाणघेवाणीची नोंदवही बरीच भरली आहे. शैवल प्रकाशसंश्लेषणाने ग्लुकोज, ग्लिसरॉल, स्निग्ध पदार्थ तयार करते व त्यांचा मोठा भाग यजमानाला देते. समुद्रफुलाला स्वतः तयार करता न येणारी स्टेरॉल द्रव्येही त्याला शैवलाकडून मिळतात. यजमान शैवलाला कार्बन डायऑक्साइड, अमोनियाच्या रूपातील नत्र, आसरा आणि प्रकाशातील जागा देतो. काही समुद्रफुलांच्या स्पर्शकांत विदूषक मासा राहतो. 'निमो'च्या चित्रपटामुळे तो मुलांना ठाऊक आहे. त्याच्या उत्सर्जनातील अमोनियाही शैवलाला खत म्हणून मिळतो. म्हणजे या घरात राहणारे तिघे झाले.

दुसरा प्रश्न : बाहेर पडण्याची वाट आहे का?

अँथोप्ल्यूरा ही जात उत्तर अमेरिकेच्या पॅसिफिक किनाऱ्यावर राहते. उजेडातील खडकांवर ती हिरवट-तपकिरी दिसते. गुहेसारख्या अंधाऱ्या कपारींत तीच जात पांढरीफटक असते, कारण तेथे तिच्यात शैवल नसते. केवळ शिकारीवर ती जगते. 'एप्टेशिया' हे छोटे समुद्रफूल आज जगभरच्या प्रयोगशाळांत या विषयासाठी पाळले जाते. पुरेसे खाद्य दिल्यास तेही शैवलावाचून जगू शकते. त्याची अंडी शैवलरहित असतात. अळीला आपले शैवल समुद्रातून नव्याने मिळवावे लागते. तोंडावाटे अनेक कण आत येतात, पेशी ते गिळते, बहुतेक पचवले वा टाकून दिले जातात. जुळणारे शैवल आले तरच ते पचत नाही, टिकते. या जातीत हे नाते जन्माने मिळत नाही. प्रत्येक पिढीत ते नव्याने जुळते. युरोपच्या किनाऱ्यावरील 'अनिमोनिया' या समुद्रफुलात मात्र आईच्या अंड्यातूनच शैवल पुढच्या पिढीत जाते. निसर्गात दोन्ही रीती आहेत.

शैवलाच्या बाजूने पाहता, यजमानातून वेगळी काढलेली काही शैवले प्रयोगशाळेत स्वतंत्रपणे वाढवता येतात. १९६२ मध्ये ह्यूगो फ्रॉइडेंथाल यांनी एका जेलीफिशमधील अशा शैवलाला 'सिम्बायोडिनियम' हे शास्त्रीय नाव दिले. मोकळ्या अवस्थेत त्याला शेपटीसारखे सूत्र फुटते आणि ते पोहते. २०१८ मध्ये या गटाची अनेक प्रजातींत विभागणी करण्यात आली, कारण एकच वाटणारा हा पाहुणा वस्तुतः अनेक कुळांचा निघाला.

तिसरा प्रश्न : अटी कोण ठरवतो?

येथे चित्र गुंतागुंतीचे होते. १९६७ मध्ये मस्कटीन यांनी प्रवाळ आणि महाकाय शिंपला यांतील शैवले वेगळी करून पाहिली. एकटी असताना त्यांच्यातून फारसे अन्न पाझरत नव्हते. यजमानाच्या ऊतींचा अर्क घालताच ग्लिसरॉल अधिक प्रमाणात बाहेर पडू लागले. यजमानाकडे शैवलाला 'देते' करण्याचे काही साधन आहे, असा त्याचा अर्थ. शिवाय यजमान नत्राचा पुरवठा मर्यादित ठेवतो, त्यामुळे शैवलांची संख्या बेसुमार वाढत नाही. जास्तीची शैवले बाहेर टाकली वा पचवली जातात. श्वेंडेनर यांचा 'मालक' येथे पुन्हा आठवतो.

परंतु या पाहुण्याने यजमानाची चालही बदललेली असते. १९७४ मध्ये व्हिकी बुक्सबाउम पीअर्स यांनी दाखवले की शैवलयुक्त अँथोप्ल्यूरा प्रकाशाच्या दिशेने हळूहळू सरकते, शैवलरहित मात्र प्रकाशाची दखल घेत नाही. शिवाय भर उन्हात शैवल इतका प्राणवायू निर्माण करते की तो प्राण्याच्या ऊतींना जाचक ठरू शकतो. त्यामुळे यजमानाला संरक्षक विकरे बाळगावी लागतात, अंग आक्रसावे लागते, शिंपल्यांचे तुकडे अंगावर चिकटवून सावली करावी लागते. पाहुणा ठेवायचा तर त्याची किंमत यजमानालाही मोजावी लागते. म्हणून 'दास' हे नाव अपुरे आहे आणि 'स्नेही' हेही अपुरेच. हा बंध देवाणघेवाणीचा आहे, अटींचा आहे, आणि परिस्थिती बदलली की त्या अटी मोडू शकतात.

नाते तुटते तेव्हा

समुद्राचे पाणी नेहमीच्या उन्हाळी कमाल तापमानापेक्षा एक-दोन अंशांनी अधिक तापले आणि काही आठवडे तसेच राहिले, तर शैवलाची प्रकाशसंश्लेषणाची यंत्रणा बिघडते. अन्नाऐवजी ते घातक ऑक्सिजन-संयुगे निर्माण करू लागते. मग शैवले यजमानातून बाहेर पडतात आणि प्राणी पांढरा पडतो. प्रवाळांतील या घटनेला विरंजन म्हणतात. १९९८ मध्ये आणि पुन्हा २०१६ मध्ये लक्षद्वीपच्या प्रवाळांनी त्याचा तडाखा सोसला. सिंधुदुर्ग किल्ल्याच्या परिसरातही प्रवाळ आहेत आणि तेथे १९८७ पासून मालवण सागरी अभयारण्य आहे. म्हणजे हा प्रश्न आपल्या दारापासून दूर नाही.

समुद्रफुलांचेही विरंजन होते. फ्रेंच पॉलिनेशियातील मोरेआ बेटाजवळ समुद्र तापला तेव्हा पांढऱ्या पडलेल्या समुद्रफुलांत राहणाऱ्या विदूषक माशांच्या शरीरात ताणाची संप्रेरके वाढली आणि त्यांनी घातलेल्या अंड्यांची संख्या घटली, असे २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात दिसून आले. दोघांमधील नाते तुटले, पण झळ तिसऱ्यालाही बसली. उल्लेखनीय म्हणजे पांढरे पडलेले समुद्रफूल लगेच मरत नाही. ताण वेळीच ओसरला तर शैवले पुन्हा वाढतात आणि रंग परत येतो. ताण लांबला तर मात्र ते खंगत जाते. वेळ हाच येथे निर्णायक घटक आहे.

यातून काय शिकावे, काय शिकू नये

हा विषय वर्गात सांगितला की विद्यार्थी हमखास विचारतात, "सर, मग यातला मालक कोण?" प्रश्न स्वाभाविक आहे, कारण आपल्या समाजाने मुलांच्या मनात मालक आणि चाकर ही जोडी लहानपणापासून घातलेली असते. या प्रश्नाला घाईने उत्तर न देणे हेच शिक्षकाचे काम आहे असे मला वाटते.

निसर्गाचा दाखला देऊन समाजरचनेचे समर्थन करण्याची सवय जुनी आहे. समाज हे एक शरीर आहे, कोणी मस्तक, कोणी पाय, म्हणून ज्याने त्याने जन्माने आलेले काम करावे, हे आपण शतकानुशतके ऐकले. युरोपात कोणी जीवनकलहाचा दाखला देऊन दुर्बळांची उपेक्षा न्याय्य ठरवली, तर क्रोपोटकिन यांनी १९०२ मध्ये परस्पर साहाय्याचे दाखले गोळा करून त्याचा प्रतिवाद केला. समुद्रफुलाकडे दोघांसाठीही पुरावा आहे. शैवलाला पेशीत आसरा देणारी तीच अँथोप्ल्यूरा स्वतःची विभागणी करून एकसारख्या प्राण्यांची वसाहत करते आणि शेजारच्या वसाहतीवर दंशपेशींनी भरलेल्या खास अवयवांनी हल्ला चढवते. १९७३ मध्ये लिझबेथ फ्रान्सिस यांनी दाखवले की दोन वसाहतींच्या मध्ये खडकाची जी उघडी पट्टी असते, ती या लढाईची सीमा होय. ज्याला सहकार्य हवे त्याने आतली पेशी दाखवावी, ज्याला युद्ध हवे त्याने ती पट्टी दाखवावी. ज्या ग्रंथातून हवा तो आदेश काढता येतो, तो नीतीचा ग्रंथ होऊ शकत नाही. माणसांनी कसे राहावे हे माणसांनीच विवेकाने ठरवावे लागते. शैवलाला आपल्या अटींविषयी बोलता येत नाही, माणसाला येते.

म्हणून निसर्गाकडून आदेश घेऊ नये, पण चौकशीची रीत अवश्य घ्यावी. शास्त्रज्ञांनी समुद्रफुलाला विचारलेले तीन प्रश्न इतिहासाच्या विद्यार्थ्याला प्रत्येक मानवी व्यवस्थेला विचारता येतात. येथे कोण काय देतो आणि त्याला काय मिळते? बाहेर पडण्याची वाट आहे का? अटी कोण ठरवतो? एखादी व्यवस्था स्वतःला कुटुंब म्हणवते, परंपरा म्हणवते वा सेवा म्हणवते, एवढ्यावर तिची ओळख पटत नाही. नावावर विसंबू नये, पुरावा मागावा. घर, कारखाना, कार्यालय, संस्था, या सर्वांना हे तीन प्रश्न लागू पडतात. आपली स्वतःची संस्थाही त्याला अपवाद नसावी.

निवासी शाळेत वाढलेल्यांना एकत्र राहणे म्हणजे काय, हे वेगळे सांगावे लागत नाही. वेगवेगळ्या गावांतून आलेली मुले एका छपराखाली राहिली, पंक्तीत जेवली, एका पुस्तकावर दोघांनी अभ्यास केला. ते नाते टिकले असेल तर ते आपोआप टिकलेले नाही. कोणी तरी रोज त्याची काळजी घेतली म्हणून टिकले. माजी विद्यार्थ्यांपैकी जे आज पालक आहेत, त्यांनी सुटीत मुलांना घेऊन कोकणच्या किनाऱ्यावर ओहोटीच्या वेळी अवश्य जावे. भरती-ओहोटीचे वेळापत्रक आधी पाहावे, खडकावर जपून पाय टाकावा. खळग्यातील समुद्रफूल उपटू नये, त्याला काडीने डिवचू नये, उलटवलेला दगड पुन्हा जसाच्या तसा ठेवावा. मुलांना थोडा वेळ नुसते पाहू द्यावे. मालक कोण, असे त्यांनी विचारलेच, तर उत्तर देण्याआधी त्यांना हे तीन प्रश्न द्यावेत.